कपड्याचं रक्त कशाला तपासता?

ऑक्टोबर २०१० मध्ये चेंगडू शहरात जपानविरोधी मोर्चा निघाला होता. वाटेतल्या एका उपाहारगृहात बसलेल्या तरुणीच्या अंगावर रुंद बाह्यांचा, छातीवर एक पाख दुसऱ्यावर आडवी येणारा लांब झगा मोर्चातल्या काहींना दिसला. हा किमोनोच, असं त्यांनी ठरवून टाकलं. तिला घेरलं, झगा उतरवायला लावला आणि त्याची होळी केली. प्रत्यक्षात तो किमोनो नव्हताच. हान राजवटीच्या काळातल्या धाटणीवर शिवलेला तो हानफू, म्हणजे चीनमधल्या बहुसंख्य हान लोकांचा जुना पोशाख होता. ज्या चिनी अस्मितेच्या नावानं घोषणा चालल्या होत्या, तिच्याच पूर्वजांचा पोशाख त्या दिवशी जळला.

यावर बऱ्याच जणांची हळहळ अशी होती की बघा, आपल्या लोकांना आपलाच पोशाख ओळखता येत नाही, म्हणून हानफूचा प्रसार आणखी जोरात व्हायला हवा. ही हळहळ मला त्या होळीइतकीच काळजीची वाटते. समजा तो खरोखर किमोनो असता, तर एका मुलीला भर गर्दीत कपडे उतरवायला लावणं चाललं असतं का? या प्रश्नाला बगल देऊन जो कोणी 'ओळख पटवण्या'बद्दल बोलतो, त्यानं जमावाचं मूळ म्हणणं मान्यच केलेलं असतं. माणसाची निष्ठा त्याच्या कपड्यावरून जोखता येते आणि कपड्याचं कूळ आधी तपासून घ्यावं, हे ते म्हणणं. चीनच्या दोन-अडीच हजार वर्षांच्या पोशाखाच्या इतिहासात या एका कल्पनेनं जेवढं रक्त सांडलं, तेवढं क्वचितच दुसऱ्या कशानं सांडलं असेल.

हानफू घालणाऱ्या तरुणांच्या विरोधात मी मुळीच नाही. त्यांची तक्रार खरी आहे, आणि ती आधी नीट समजून घ्यायला हवी.

१६४४ साली ईशान्येकडच्या मांचू लोकांच्या फौजा बीजिंगमध्ये शिरल्या आणि पुढच्याच वर्षी फर्मान निघालं. हान पुरुषांनी डोक्याचा पुढचा भाग तासायचा, मागे वेणी सोडायची आणि मांचू धाटणीचे कपडे घालायचे. मुदत दहा दिवसांची. केस ठेवाल तर डोकं जाईल, डोकं हवं तर केस द्या, असं लोक त्याबद्दल म्हणू लागले. शरीर, केस, कातडी ही आईबापांनी दिलेली ठेव आहे, तिला इजा करू नये, ही शिकवण ज्या समाजात लहानपणापासून दिली जाते, तिथं या फर्मानाचा घाव किती खोल गेला असेल! राजघराणं बदललेलं निमूट सोसणारी गावं केसांसाठी उठली. यांगत्सेकाठच्या जियांगयिननं ८१ दिवस वेढा झुंजवला आणि शहर पडल्यावर कत्तल झाली. जियाडिंगमध्ये तर एकामागोमाग तीन कत्तली झाल्या. हान पुरुषाचा पिढ्यान्‌पिढ्यांचा पोशाख काळाच्या ओघात नाहीसा झालेला नाही, तो तलवारीच्या धाकानं उतरवला गेला.

आजच्या काळातलंही एक दुखणं आहे. चीनमध्ये अधिकृत मान्यता असलेले ५६ वांशिक समूह आहेत. सरकारी सोहळ्यांत ५५ अल्पसंख्य समूहांचे लोक आपापल्या रंगीबेरंगी पोशाखांत उभे राहतात आणि बहुसंख्य हान माणूस सूट-टाय किंवा साध्या शर्टात. आपल्याला स्वतःचं काही नव्हतंच का, हा प्रश्न तरुणांना बोचू लागला. २००१ मध्ये शांघायला भरलेल्या आशिया-पॅसिफिक देशांच्या 'अपेक' परिषदेत जगभरच्या नेत्यांना 'तांगझुआंग' म्हणून जी रेशमी बंडी घातली गेली, ती मुळात मांचू घोडेस्वारांच्या आखूड जाकिटावरून आलेली होती. त्यावरून इंटरनेटवर वाद पेटला. दोनच वर्षांनी, नोव्हेंबर २००३ मध्ये, झेंगझोउमधला एक वीजकामगार हान धाटणीचा घरगुती शिलाईचा झगा घालून भर रस्त्यातून फिरला. सिंगापूरच्या चिनी वृत्तपत्रानं त्याची बातमी केली आणि हानफू चळवळीला सुरुवात सापडली. आज शीआनच्या रस्त्यांवर संध्याकाळी हानफू घातलेल्या मुलींचे घोळकेच्या घोळके दिसतात, शांदोंगमधला त्साओशिएन हा एक आख्खा जिल्हा या कपड्यांच्या शिलाईवर उभा राहिला आहे.

इथपर्यंत मी या तरुणांबरोबर आहे. हिसकावून घेतलेलं परत अंगावर घालण्यात गैर काय? वाट फुटते ती 'शुद्ध' या शब्दापाशी.

शुद्ध म्हणजे कधीचं? कन्फ्यूशियसच्या संवादांत ग्वान झोंग या मंत्र्याचं कौतुक येतं, ते असं की तो नसता तर आपण सगळे केस मोकळे सोडून डावीकडे बंद बांधत फिरत असतो. आपल्या बाराबंदीसारख्याच एकावर एक येणाऱ्या दोन पाखा, पण बाहेरची पाख उजव्या काखेकडे गेली तर सुसंस्कृत, डावीकडे गेली तर रानटी. इतकी बारीक रेघ. आणि या संवादांनंतर दोनेकशे वर्षांतच, इसवी सनापूर्वी ३०७ साली, झाओ राज्याचा राजा वूलिंग यानं आपल्या सैन्याला त्याच उत्तरेकडच्या 'रानटी' टोळ्यांची तुमान आणि कमरपट्टा चढवला. लांब झगे घालून रथातून लढणाऱ्यांचा घोड्यावरून बाण मारणाऱ्यांपुढे टिकाव लागत नव्हता, एवढं साधं कारण. त्याच्या सख्ख्या काकानं आजारपणाचं निमित्त सांगून दरबारात यायचं टाळलं. राजा स्वतः त्याच्या घरी गेला. कपडे वापराच्या सोयीसाठी असतात, शहाण्या पूर्वजांनीही आपापला मुलूख पाहूनच रीती ठरवल्या होत्या, हे त्यानं काकाला पटवलं, आणि दुसऱ्या दिवशी काका तुमान घालून दरबारात हजर झाला. जुन्या इतिहासग्रंथांत हा संवाद नोंदलेला आहे. पोशाखाबद्दल चिनी भाषेत झालेला इतका मोकळा वाद मला दुसरा माहीत नाही, आणि त्यात जिंकणारा पक्ष उसनं घेणाऱ्याचा आहे.

तांग राजवटीकडे (सातवं ते दहावं शतक) या, कारण हानफूच्या छायाचित्रांत सर्वांत लोभस दिसते ती तांग. अधिकाऱ्यांचा गोल गळ्याचा अंगरखा उत्तर-पश्चिमेच्या घोडेस्वार जमातींकडून आलेला. राजधानी चांगआनच्या श्रीमंत बायका अरुंद बाह्यांचे, दुमडलेल्या गळ्याचे मध्य आशियाई डगले हौसेनं घालत, घोड्यावर बसत, पुरुषी तुमान चढवत. मांचूंच्या आधीची मिंग राजवट घ्या. मंगोलांना हुसकून लावल्यावर पहिल्या मिंग सम्राटानं १३६८ मध्ये हुकूमच काढला की परकी कपडे बंद, तांगच्या धाटणीकडे परत चला. पण त्याच मिंग दरबारात कमरेखाली चुण्या असलेला मंगोल पद्धतीचा अंगरखा मानाचा पोशाख म्हणून वावरत राहिला. पंधराव्या शतकात तर बीजिंगमधल्या पुरुषांना झग्याखाली घोड्याच्या केसांचा विणलेला परकर घालायचं वेड लागलं. त्यामुळे झगा छत्रीसारखा फुगून दिसे. ही फॅशन आली होती कोरियातून. आधी व्यापारी, मग तरुण उमराव, शेवटी मोठमोठे मंत्रीही फुगलेल्या झग्यात फिरू लागले आणि अखेर त्यावर बंदी घालावी लागली. आज कोरियाचा पारंपरिक पोशाख हानबोक चिनी की चिनी हानफू कोरियन, यावर दोन्हीकडचे तरुण एकमेकांचे गळे धरतात. फेब्रुवारी २०२२ मध्ये बीजिंगच्या हिवाळी ऑलिंपिकच्या उद्घाटनात हानबोक घातलेली स्त्री दिसली म्हणून कोरियात संताप उसळला. दोन्ही बाजूंनी हा घोड्याच्या केसांचा परकर एकदा डोळ्यांपुढे आणावा.

शुद्धतेचा आग्रह धरणारे फक्त हान नव्हते, हेही सांगायला हवं. बीजिंग जिंकण्याआधीच मांचू सम्राट होंग ताइजी यानं आपल्या सरदारांना बजावलं होतं की रुंद बाह्यांचे हान कपडे घालाल तर धनुष्य ओढणं विसराल आणि आपलं राज्य बुडेल. म्हणजे एकीकडे हान कपड्यांची धास्ती घेतलेला मांचू, दुसरीकडे मांचू कपड्यांची धास्ती घेतलेला हान. आणि १९१२ मध्ये प्रजासत्ताक आल्यावर शहराच्या वेशीवर कात्र्या घेऊन उभे राहिलेले सैनिक येणाऱ्या-जाणाऱ्या शेतकऱ्यांच्या वेण्या बळजबरीनं कापत होते. वेण्या लादताना जसं कोणी विचारलं नव्हतं, तसं कापतानाही विचारलं नाही.

या सगळ्या कथेत एक गोष्ट नेहमी मागे राहते, आणि माझ्या मते तीच सर्वांत मोलाची आहे. १६४५ चा हुकूम पुरुषांवर चालला. हान बायकांवर तो त्या सक्तीनं लादला गेला नाही. 'पुरुष शरण गेले, बायका नाही गेल्या' असं लोक म्हणत. त्यामुळे वर सदरा आणि खाली घागरा हा मिंग काळातला बायकांचा पोशाख संपूर्ण मांचू राजवटीत, अडीचशेहून जास्त वर्षं, घराघरांत चालू राहिला. त्यात तऱ्हा बदलल्या, बाह्यांचे काठ रुंद झाले, भरतकाम गच्च झालं, पण धागा तुटला नाही. आज ज्याची देशभर लाट आहे तो 'मामियान' घागरा याच बायकांनी जपला.

तो घागरा जवळून पाहण्यासारखा असतो. कापडाचे दोन स्वतंत्र तुकडे एकाच पांढऱ्या सुती नेफ्याला शिवलेले. प्रत्येक तुकड्याच्या दोन्ही टोकांना एकेक सपाट पट्टा, मधल्या भागात चुण्या. कमरेभोवती गुंडाळताना एका तुकड्याचा सपाट पट्टा दुसऱ्याच्या पट्ट्यावर येतो, म्हणून समोर आणि मागे एकेक सपाट चौकट दिसते आणि दोन्ही बाजूंना चुण्यांचा घेर. सगळं भरतकाम या चौकटीवर आणि खालच्या काठावर. नेफ्याच्या बंदांनी बांधला की झालं. चालताना समोरची चौकट क्षणभर उघडते आणि मिटते, त्यामुळे पावलाला अडथळा होत नाही, घोड्यावरही बसता येतं. कापून फेकून द्यावं असं कापड जवळपास उरतच नाही. ज्या कोणी बायांनी हे डोकं चालवलं त्यांची नावं इतिहासात नाहीत.

जुलै २०२२ मध्ये डिओर या फ्रेंच कंपनीनं हुबेहूब याच बांधणीचा काळा घागरा २९,००० युआनला विकायला काढला आणि आपल्या घराण्याची खास धाटणी म्हणून त्याची जाहिरात केली. पॅरिसमध्ये शिकणाऱ्या चिनी विद्यार्थ्यांनी दुकानासमोर निदर्शनं केली. ती योग्यच होती. मी उसनं घेण्याच्या बाजूनं लिहितो आहे, म्हणून कोणी असं समजू नये की घेतलेल्याचं नावही सांगायला नको. झाओच्या राजानं तुमान कुठून घेतली हे लपवलं नव्हतं. उसनवारी कबूल करण्यात कमीपणा नाही, ती दडपून पैसे कमावणं हा लबाडीचा प्रकार आहे. मात्र त्या विद्यार्थ्यांची मागणी आणि 'परक्यांनी आमचं घालूच नये' ही मागणी, या दोहोंत जमीन-अस्मानाचं अंतर आहे, आणि ते अंतर समाजमाध्यमांवर दोन दिवसांत पुसलं जातं.

चळवळीच्या आतही हीच गल्लत चालते. नव्या, हौशी मुलीनं पहिल्यांदा हानफू घातला की बागेत, जत्रेत तिला अडवून शिकवणारे भेटतात. इथं चेन का आहे, हे भरतकाम यंत्रावरचं दिसतं, ही बाही कोणत्या थडग्यातल्या पुराव्यावर बेतली आहे? त्यांना चीनमध्येच 'हानफू-पोलीस' म्हणतात. अभ्यासाबद्दल मला अतोनात आदर आहे. चांगशाजवळ मावांगदुई इथं १९७२ साली सापडलेल्या थडग्यातून, दोन हजार वर्षांहून जुना, झिरझिरीत रेशमाचा एक अंगरखा निघाला. त्याची लांबी १२८ सेंटिमीटर आणि वजन अवघं ४९ ग्रॅम, म्हणजे आख्खा अंगरखा मूठभर. तसाच दुसरा विणायला गेले तेव्हा तो जडच होत राहिला, कारण आजचा रेशमाचा किडा पोसून धष्टपुष्ट झालेला, त्याचा धागाच जाड. शेवटी लहान किड्यांचं बारीक रेशीम मिळवून नानजिंगच्या युनजिन संशोधन संस्थेनं २०१९ मध्ये ४९.२८ ग्रॅमची प्रतिकृती पुरी केली. परंपरेवरचं प्रेम म्हणतात ते हे. यात कारागीर स्वतःला कसाला लावतो, रस्त्यातल्या पोरीला नाही.

शिवाय शुद्धतावादीही निवड करतातच. त्याच मिंग आणि चिंग (म्हणजे मांचू) राजवटींच्या काळातल्या हान बायकांची पावलं लहानपणी आवळून बांधली जात. मांचू सम्राटांनी बंदी घालून पाहिली, ती चालली नाही आणि मागे घ्यावी लागली. तीही 'हान परंपरा'च होती. ती परत आणावी असं आज कोणी म्हणत नाही, आणि किती चांगलं आहे ते! पण मग परंपरेतलं काय घ्यायचं आणि काय टाकायचं हे आजची माणसं आपल्या विवेकानं ठरवतात हे मान्य झालं. थडग्यातला पुरावा हा शेवटचा शब्द राहत नाही.

चिपाओ या बायकांच्या झग्यावर होणारा अन्याय मला म्हणूनच सहन होत नाही. तो मांचूंचा, गुलामीची खूण, तेव्हा चिनी स्त्रीनं तो टाकून द्यावा, असं चळवळीतले काही जण सांगतात. नाव मांचू झग्यावरून आलं हे खरं. पण अंगावर बेतलेला, उभ्या कॉलरचा, बाजूला चिरलेला जो चिपाओ आपण ओळखतो तो १९२० आणि ३० च्या दशकांतल्या शांघायमध्ये घडला, आणि तेव्हा मांचू राजवट संपून दशक उलटलं होतं. तो आधी अंगावर चढवणाऱ्यांत शाळा-कॉलेजात जाऊ लागलेल्या मुली होत्या, ज्यांच्या आज्यांना आणि आयांना उंबऱ्याबाहेर पडायची मुभा नव्हती. पुरुषांच्या लांब झग्यासारखा एकसंध झगा बायकांनी घालणं ही तेव्हा बरोबरीची घोषणा होती. १९२९ मध्ये राष्ट्रवादी सरकारनं त्याला स्त्रियांच्या औपचारिक पोशाखात स्थान दिलं. पुढे मुख्य भूमीवर तो मावळला, पण शांघायहून हाँगकाँगला गेलेल्या शिंप्यांनी तो जगवला आणि २०२१ मध्ये हाँगकाँगची चिपाओ शिवण्याची कला चीनच्या राष्ट्रीय वारशाच्या यादीत आली. इतक्या हातांनी मिळून घडवलेल्या कपड्याला तुम्ही कुठल्या रक्ताचा म्हणणार?

याच चिपाओनं एप्रिल १९६७ मध्ये काय पाहिलं तेही आठवावं. राष्ट्राध्यक्ष ल्यू शाओची यांच्या पत्नी वांग ग्वांगमेई यांनी १९६३ च्या इंडोनेशिया दौऱ्यात चिपाओ आणि मोत्यांची माळ घातली होती. माओच्या सांस्कृतिक क्रांतीत रेड गार्ड म्हणवणाऱ्या तरुणांनी त्यांना छिंगह्वा विद्यापीठात ओढून नेलं, जबरदस्तीनं तो चिपाओ अंगावर चढवला, गळ्यात पिंगपाँगच्या चेंडूंची माळ अडकवली आणि हजारोंच्या जमावासमोर उभं केलं. तेव्हा चिपाओ भांडवलदारांचा होता. आज काहींना तो मांचूंचा वाटतो. चेंगडूत हानफू जपान्यांचा ठरला. आरोपाचं नाव दरवेळी वेगळं, मागणी मात्र तीच: बाई, तुझ्या अंगावर काय असावं हे आम्ही ठरवणार.

कपडा सीमा ओलांडतो तेव्हा काय होतं याचा पुरावा आपल्या मुंबईत आहे. चीनमधल्या कँटन बंदराशी कापूस आणि अफूचा व्यापार करणाऱ्या पारशी व्यापाऱ्यांनी तिथून भरजरी भरतकामाचं रेशीम आणलं, मग चिनी कारागिरांकडून साडीच्या मापानं भरून घेतलं, आणि 'गारा' तयार झाला. बगळे, पिओनीची फुलं, छत्री धरलेली चिनी माणसं अंगावर घेऊन पारशी बायका लग्नात मिरवतात. (त्या व्यापारातली अफू चीनला किती महाग पडली हे विसरून गाऱ्याचं कौतुक करू नये, हेही खरं.) कँटनच्या त्या भरतकाम करणाऱ्यानं साडी कधी नेसलेली पाहिली असेल-नसेल, पण गारा आज पारशी घराचा आहे आणि चिनी हाताचाही आहे.

आता सरकारकडे. चिनी सत्ताधाऱ्यांना या लाटेचा उपयोग उशिरा कळला, पण कळला. २०१८ पासून कम्युनिस्ट युवक संघ चांद्र पंचांगातल्या तिसऱ्या महिन्याच्या तृतीयेला पारंपरिक पोशाखाचा दिवस साजरा करतो. इथवर ठीक. पण ऑगस्ट २०२२ मध्ये सुझोउतल्या जपानी धाटणीच्या गल्लीत किमोनो घालून फोटो काढणाऱ्या तरुणीला पोलिसांनी 'भांडण उकरून काढल्या'च्या कलमाखाली उचललं. सप्टेंबर २०२३ मध्ये तर कायद्याच्या दुरुस्तीचा मसुदाच आला: चिनी राष्ट्राच्या भावना दुखावणारे कपडे सार्वजनिक ठिकाणी घातले तर दंड, आणि गंभीर प्रकरणात १५ दिवसांपर्यंत कोठडी. भावना दुखावल्या हे कोण ठरवणार, असं कायद्याच्या प्राध्यापकांनी उघडपणे विचारलं. महिनाभरात सुमारे एक लाख लोकांनी सूचना पाठवल्या. ते शब्द मागे घ्यावे लागले, आणि २०२५ मध्ये मंजूर झालेल्या कायद्यात आक्रमक युद्धांचं उदात्तीकरण करणारे कपडे एवढ्यापुरतं ते कलम आवळलं गेलं. चीनमध्ये लोकांच्या हरकतींनी एवढं घडलं ही लहान गोष्ट नाही.

पण तिथं थांबून चालणार नाही. २०१७ पासून उइघुर मुस्लिमांच्या शिनजियांग प्रांतात चेहरा झाकणारा बुरखा आणि 'असामान्य' दाढी नियमानं बंद आहे. मी स्वतः चेहरा झाकण्याच्या प्रथेचा समर्थक नाही, आणि तिच्याविरुद्ध कोणी बाई घरात, मोहल्ल्यात आवाज उठवत असेल तर मी तिच्या बाजूला उभा राहीन. पोलिसानं नाक्यावर तिचं कापड उतरवणं ही वेगळी गोष्ट आहे. केस तासा नाहीतर डोकं द्या, या हुकुमाच्या आठवणीवर हानफू चळवळ उभी आहे. जियांगयिनचे ८१ दिवस तिच्या कार्यकर्त्यांना तोंडपाठ आहेत. वेशभूषा हुकुमानं ठरवली की माणसाचं काय होतं, हे त्यांच्याइतकं आज चीनमध्ये कोणाला माहीत नसेल. तेव्हा किमोनोतल्या मुलीच्या बाजूनं, चिपाओतल्या बाईच्या बाजूनं आणि काशगरच्या नाक्यावर थांबवलेल्या उइघुर माणसाच्या दाढीच्या बाजूनं त्यांनी बोलावं, अशी माझी त्यांच्याकडून अपेक्षा आहे. बोलण्याची किंमत तिथं किती मोजावी लागते याची मला जाणीव आहे. निदान बागेत एखाद्या पोरीच्या घागऱ्याची चेन तपासणं तरी त्यांना आजपासून थांबवता येईल.